चाळीस मिनिटांचं खोटं

त्याला मी पहिल्यांदा पाहिलं ते पाठमोरं – शाळेच्या व्हरांड्यात, माझ्या मुलीने मोडलेली खुर्ची मांडीवर उलटी घेऊन बसलेला.

तिसरी खुर्ची होती ती. पहिल्या दोन खुर्च्यांच्या वेळी मी माफी मागितली होती. तिसरीपर्यंत माफी संपली होती आणि नुसता राग शिल्लक होता. कुणावर काढायचा एवढंच ठरायचं होतं. दुकानातून अर्ध्या दिवसाची सुट्टी घेऊन, दोन जिने धापा टाकत चढून मी वर आले... आणि समोर हा. कानावर पेन्सिल, केसांत भुसा, नाकावर तिरका चष्मा.

"तुमची का ही?" मान वर न करता त्याने विचारलं.

"खुर्ची शाळेची आहे. मुलगी माझी आहे. काय बोलायचंय ते बोलून घ्या, मला ऐकायची सवय आहे."

आता त्याने वर पाहिलं. "रागावलात?"

"अजून नाही. तुम्ही सुरुवात केलीत की रागावणार आहे."

तो हसला. हसताना चष्मा आणखीच तिरका झाला. "मग मी सुरुवातच करत नाही. इकडे या, एक गंमत बघा. मागच्या दोन पायांचे सांधे पार खिळखिळे झालेत. पुढचे दोन नव्यासारखे. म्हणजे पोरगी दिवसभर मागे झुलते. आता मला सांगा, ज्याला पळायचंय तो उठून पळेल की नाही? खुर्ची कशाला मोडेल? ही बसून राहता यावं म्हणून झुलते. फार कष्ट करते हो तुमची मुलगी... बसायचे."

सात वर्षांत माझ्या मुलीला आगाऊ म्हणून झालं होतं, वळण नाही म्हणून झालं होतं, घरात बापाचा धाक नाही असं तर दोन घरं सोडून तिसऱ्या घरात राहायला गेलेल्या तिच्या बापानेच ऐकवलं होतं. डॉक्टरांनी मागच्या वर्षी या सगळ्याला 'अतिचंचलता' असं नाव दिलं आणि कागदावर दहा सूचना लिहून दिल्या. पण कष्ट करते, असं कुणी म्हटलं नव्हतं.

मी घाईघाईने म्हणाले, "तुम्ही सुतार आहात की डॉक्टर?"

"सुतार. पण शाळेत असताना मी चार मोडल्या होत्या. पाचवी त्यांनी दिलीच नाही, दाराबाहेर उभा करायचे." बोलता बोलता त्याने सायकलच्या जुन्या ट्यूबचा एक पट्टा काढला आणि खुर्चीच्या पुढच्या दोन पायांना ताणून बांधला. "हे तिच्या पायांसाठी. पाय इथे दाबत राहतील, झुलायचं काम पायांनाच देऊन टाकायचं. आवाज नाही, मोडतोड नाही."

तेवढ्यात वर्गातून माझी मुलगी सुटली. तिला आम्ही भिंगरीच म्हणतो. खालच्या मजल्यावर राहणाऱ्या माझ्या ताईने ठेवलेलं नाव. ती आली, खुर्चीवर बसली, पट्ट्यावर पाय दाबले, सोडले, दाबले, सोडले... आणि तोंडाने "टुंग" असा आवाज काढून त्याच्याकडे बघून अशी काही हसली, की मला एकदम परकं वाटलं.

मागोमाग तिच्या वर्गाच्या बाई आल्या. बाई म्हणजे तुम्हाला पांढऱ्या केसांच्या कुणी दिसत असतील, तर तसं काही नव्हतं. माझ्याच वयाच्या, लांब वेणी, पावसाळी दुपारीही न चुरगळलेला पोशाख. त्यांचा आवाज इतका गार, की तापलेल्या माणसाने त्यात पाय सोडून बसावं. त्या वाकून पट्टा बघत म्हणाल्या, "अय्या, किती सोपं! तुम्ही नसतात तर आमचं काय झालं असतं हो?"

तो लाजला. मी पाहिलं. कशाला पाहिलं, कोण जाणे.

*

त्याची कार्यशाळा शाळेच्या मागच्याच गल्लीत होती. भिंगरीने आठवड्यातून दोनदा शाळा सुटल्यावर तासभर तिथे जावं, ही कल्पना बाईंची. अशा मुलांना जड उचलायचं, ढकलायचं, घासायचं काम मिळालं की अंगातला कल्लोळ शांत होतो, असं त्या म्हणाल्या. डॉक्टरांच्या कागदावरही ते होतंच. शिवाय बाईंनी एक निळी वही काढली. ती भिंगरीच्या दप्तरातून शाळा, कार्यशाळा आणि घर अशी फिरायची. भिंगरी एका कामात किती मिनिटं रमली, तेवढंच तिघांनी त्या-त्या दिवशी लिहायचं.

"तक्रारी नकोत, कौतुकाची भाषणंही नकोत," बाई म्हणाल्या होत्या. "जे झालं ते. त्यावरूनच मुख्याध्यापिकाबाईंशी मला भांडता येईल. दर दहा मिनिटांनी उठायची परवानगी त्यांनी फक्त सहामाहीपर्यंत दिलीय. नंतर ही या वर्गात राहणार की नाही, ते ठरेल."

म्हणजे त्या वहीवर माझ्या मुलीचा बाक अवलंबून होता. हे मला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. पुढचं वाचताना हे विसरू नका; मीही विसरले नव्हते, म्हणून तर जास्त लाज वाटते.

पहिल्या दिवशी मी तिला न्यायला गेले तेव्हा दारातच थबकले. ओल्या लाकडाचा वास, खिडकीतून तिरपं ऊन, त्यात तरंगणारा भुसा... आणि माझी मुलगी, जी जेवताना चार घासांत चार खोल्या फिरून यायची, ती एका फळीवर पॉलिशपेपर घासत उभी. जीभ ओठांच्या कोपऱ्यात. कपाळावर घाम.

"आता?" तिने विचारलं.

"आता त्या दोन फळ्या दाराशी," तो म्हणाला. एवढंच. 'आधी हे कर, मग ते कर, आणि सांडू नकोस, आणि दप्तर कुठेय' असलं काही नाही. एका वेळी एक गोष्ट. ती फळ्या ओढत नेऊन परत आली. "आता?" "आता परत घासायचं." आणि ती घासायला लागली!

वहीत त्याने लिहिलं: 'बावीस मिनिटं. घासकाम. मधे दोनदा फळ्या.'

त्याच्यावर बाईंचं, वळणदार: 'चौदा मिनिटं. चित्र.'

घरी येऊन मी लिहिलं: 'सात मिनिटं. मटार सोलले.' त्यातलेही अर्धे मटार कपाटाखाली होते.

मी खूश व्हायला हवं होतं, नाही? झाले ना. दिवसभर खूश होते. फक्त संध्याकाळी भिंगरी म्हणाली, "आई, सुतारकाका म्हणतात माझे हात हुशार आहेत," तेव्हा मी तिचे हात नळाखाली जरा जोरातच घासले. हे हात मी नऊ महिने वाहिले, साडेसात वर्षं धुतले, कात्रीपासून वाचवले. ते हुशार आहेत हे याने सांगायचं?

*

मी चष्म्याच्या दुकानात काम करते. नजर तपासायची, फ्रेम बसवायची, वाकलेली सरळ करायची. एका मंगळवारी दुपारी दारावरची घंटी वाजली आणि तो आत आला.

"चष्मा वाकलाय."

"तो तुम्हाला पाहिलं तेव्हापासून वाकलेलाच आहे."

"मग तेव्हाच का नाही सांगितलंत?"

"मी तेव्हा रागावायच्या तयारीत होते. बसा."

त्याला उंच स्टुलावर बसवलं. फ्रेम गरम हवेवर धरली, मऊ झाल्यावर काडी वाकवली, आणि मग ते आलंच – बसते का नीट, हे बघायला त्याच्या चेहऱ्यावर घालणं. हे काम मी दिवसातून वीस वेळा करते. कानामागे बोट फिरवून काडी कुठे टेकते ते बघायचं. वीस जणांचे कान मला आठवत नाहीत. त्याच्या डाव्या कानामागे एक जुना, बारीक व्रण होता... तो मला आठवतो.

"समोर बघा," मी म्हटलं.

"समोर तुम्हीच आहात."

"माझ्या मागे भिंत आहे, तिच्यावर अक्षरं आहेत, ती बघा."

"ती अस्पष्ट आहेत."

"आणि मी?"

"तुम्ही... अगदी स्पष्ट." मग स्वतःच गडबडून, "म्हणजे, काच चांगली पुसलीत."

माझ्या बोटांत अजून फ्रेमची ऊब होती. गोष्ट तिथेच थांबली असती तर बरं झालं असतं. पण त्याला शांतता सोसवेना. म्हणाला, "बाई म्हणत होत्या, भिंगरी हल्ली वर्गात हात वर करते."

"हो का."

"बाई म्हणत होत्या, तिला पुढच्या बाकावर घ्यावं."

"बरं."

"बाई म्हणत होत्या –"

"बाई बरंच म्हणत असतात," मी म्हणाले आणि स्क्रू असा काही पिळला की काडी कचकन उघडायचीच बंद झाली. मला तो परत सैल करून द्यावा लागला. तोवर तो निमूट बसला होता, हात मांडीवर, वर्गाबाहेर उभं केलेल्या मुलासारखा.

संध्याकाळी ताईला सांगितलं. ताई आमच्या खालीच राहते. भिंगरीने उड्या मारल्या की झाडूच्या दांड्याने छत ठोकते, आणि पाच मिनिटांनी खाऊ घेऊन स्वतःच वर येते.

"जळतेयस तू," ती म्हणाली.

"मी? कुणावर?"

"तेच तर ठरत नाहीये तुझं! पोरगी त्याच्याजवळ रमते म्हणून त्याच्यावर जळतेस. तो बाईंचं नाव घेतो म्हणून बाईंवर जळतेस. आणि तो पोरीला वेळ देतो, तुला देत नाही... म्हणून पोटच्या पोरीवर जळतेस. एका बाईला किती चुली पेटवायच्या गं?"

"ताई, गप्प बस."

"बसते की. मला बसता येतं, तुझ्या लेकीसारखं नाही माझं."

मी उशी फेकली. ताईने ती झेलली. भिंगरी टाळ्या वाजवत आम्हा दोघींच्या भोवती गरगरली, आणि खालून कुणी छत ठोकणार नव्हतं, कारण ठोकणारी वर होती.

*

पुढच्या तीन आठवड्यांत त्याचे आकडे चढत गेले. पंचवीस. एकोणतीस. पस्तीस! 'पस्तीस मिनिटं. छोटं स्टूल जुळवलं. स्वतः.' त्यातल्या 'स्वतः'खाली दोन रेघा. माझं घोडं सात-आठवरच अडलेलं. मला कळत होतं, घरी ती थकून येते, दिवसभर धरून ठेवलेलं सगळं माझ्यापुढे सांडते. डॉक्टरांनी सांगितलं होतं, मूल जिथे निर्धास्त असतं तिथेच पसरतं. डोक्याला कळत होतं हो. पण वही उघडली की तीन रांगा दिसायच्या आणि सगळ्यांत बुटकी रांग आईची.

मग तो गुरुवार आला. दुकान लवकर बंद झालं म्हणून मी वेळेआधीच कार्यशाळेत पोचले. बाहेर रिमझिम होती, छत्री मिटताना आतलं हसू ऐकू आलं. बाई आल्या होत्या. टेबलावर टेकून उभ्या होत्या, वेणीत रंध्यातून निघालेली लाकडाची एक कुरळी साल अडकलेली, आणि तो ती हलक्या हाताने काढत होता. भिंगरी दोघांच्या मधे, हातोडी घेऊन. एखाद्या घराचं चित्र असतं ना, तसं. पूर्ण. त्यात काही कमी नव्हतं.

"अरे, तुम्ही? आज लवकर?" त्याने विचारलं.

"उशीरच झाला बहुतेक," मी म्हटलं आणि भिंगरीचं दप्तर उचललं.

घरी पोचल्यावर मी तिच्यापुढे चित्रांचे तुकडे जुळवायचा खेळ मांडला. "चल, आपण दोघी करू." ती बसली. खरंच बसली. जहाजाचं शीड जुळलं, अर्धा समुद्र जुळला... आणि मग ती उठली, सोफ्यावर चढली, उतरली, समुद्र पायाखाली गेला. मी घड्याळ बघितलं. सहा मिनिटं.

ती अंघोळीला गेल्यावर मी वही उघडली आणि लिहिलं: 'चाळीस मिनिटं. चित्र जुळवलं. दोघींनी.'

चाळीस का? त्याचे पस्तीस होते म्हणून. दुसरं कारण नाही.

दुसऱ्या दिवशी बाईंनी लिहिलं, 'चाळीस! घरी काय करता ते आम्हालाही शिकवा!' आणि पुढच्या वेळी त्याच्या ओळीत फक्त, 'छान. मग तुम्हीच भारी.' रेघा नाहीत, उद्गार नाही. मला वाटलं होतं जिंकल्यासारखं वाटेल. पण एकदा चाळीस लिहिलं की परत सहा कसं लिहायचं? मी अडतीस लिहिलं. मग एक्केचाळीस. खोट्यालाही जरा चढ-उतार लागतो.

आठवड्याने तो कार्यशाळेच्या दारातच थांबला. आत या म्हणाला नाही. "घरी इतकी छान रमते, तर मग... इथे भुशात कशाला आणायची तिला? तुमचीही धावपळ होते. पुढच्या आठवड्यापासून नको, चालेल?"

"चालेल की," मी म्हणाले. मनात म्हटलं, झालात मोकळे. आता वेण्यांतल्या साली काढत बसा.

त्याने चष्मा काढून पुसला, परत घातला. काहीतरी बोलायचं होतं त्याला. मी विचारलं नाही.

त्याच संध्याकाळी बाईंचा फोन आला. मुख्याध्यापिकाबाईंनी वही पाहिली होती. घरी चाळीस मिनिटं बसते म्हणजे सुधारली. मग सहामाहीला उठायची सवलत कशाला? इतरांसारखाच पेपर, चाळीस मिनिटांचा, सलग. "मला जरा घाई वाटतेय," बाई म्हणाल्या. "तुम्हाला काय वाटतं? तुम्ही नाही म्हणालात तर मी अडून बसेन."

दार उघडंच होतं. मला फक्त एक वाक्य बोलायचं होतं.

"जमेल तिला," मी म्हणाले.

*

नाही जमलं.

बाराव्या मिनिटाला तिने पेन्सिल तोडली. चौदाव्या मिनिटाला बाकाखाली गेली. कुणीतरी हसलं, मग वर्ग हसला. पर्यवेक्षक नवे होते, त्यांनी दंड धरून तिला वर बसवलं, आणि माझ्या मुलीने स्वतःच्याच मनगटाला कडकडून चावा घेतला. पेपर फाटला. मी पोचले तेव्हा ती व्हरांड्यात भिंतीकडे तोंड करून उभी होती. अगदी स्थिर. तिला इतकं स्थिर मी झोपेतही पाहिलं नव्हतं.

"आई," ती भिंतीलाच म्हणाली, "मोठ्या बाई म्हणाल्या, मी घरी बसते आणि इथे बसत नाही, म्हणजे मी मुद्दाम करते. आई, मी मुद्दाम करते का?"

मी तिचं मनगट हातात घेतलं. दातांचे ठसे मोजता येत होते.

मुख्याध्यापिकाबाईंच्या खोलीत बाई होत्या, आणि वहीत लिहिणारा म्हणून बाईंनी त्यालाही बोलावलं होतं. तो तसाच आला होता, हातांवर सरस वाळलेला. टेबलावर निळी वही.

"हे बघा," मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या, "जमत नसेल तर आम्ही समजून घेऊ. पण जमत असून करायचं नाही, हा हट्ट झाला. असं मूल या वर्गात ठेवणं –"

"ते खोटं आहे," मी म्हणाले.

"काय खोटं?"

"चाळीस. अडतीस. एक्केचाळीस. मी लिहिलेलं सगळं... त्या गुरुवारपासूनचं. खरे आकडे सहा, पाच, आठ असे आहेत. ती मुद्दाम काहीच करत नाही. मुद्दाम मी केलं."

मुख्याध्यापिकाबाईंनी वही पुन्हा स्वतःकडे ओढली.

"पण का?" हे बाईंनी विचारलं. त्यांचा गार आवाज पहिल्यांदाच फाटला होता. "मी त्या आकड्यांवर विश्वास ठेवला हो. मी तुम्हाला फोन केला, तुम्हाला विचारलं..."

खोटं बोलायला एका ओळीची जागा लागली होती. खऱ्याला सगळी खोलीही पुरेना. "मला मत्सर वाटला," मी म्हटलं. "तुमचा. यांचा. ती तुमच्याजवळ बसते, माझ्याजवळ नाही. मला वाटलं, मी सोडून सगळ्यांना तिची आई होता येतं." आणि त्याच्याकडे न बघता, "आणखीही एक कारण होतं. ते शाळेच्या कामाचं नाही."

मुख्याध्यापिकाबाईंनी चष्मा काढला, डोळे चोळले. मग बराच वेळ वहीची पानं उलटत राहिल्या, माझी पानं नाही, आधीची. पस्तीसवाली. चौदावाली. बाई पुढे झुकून म्हणाल्या, "पट्टा, पुढचा बाक आणि दहा मिनिटांनी उठायची मुभा असताना ही मुलगी अठरा मिनिटांपर्यंत आली होती. ते खरं आहे, मी घड्याळ लावून लिहिलंय. वर्ष पूर्ण होईपर्यंत तरी काढून घेऊ नका. पेपर परत घेऊ, चार तुकड्यांत."

"आणि घरची नोंद?"

"ती मीच लिहीन," मी म्हणाले. "शून्य असलं तरी शून्य लिहीन."

"वर्ष संपेपर्यंत," मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या. "पुढचं पुढे." वही त्यांनी माझ्याकडे सरकवली. बाईंनी माझ्याकडे पाहिलं नाही. ते मला मान्य होतं; त्यांचं मन मला मिनिटामिनिटाने परत मिळवावं लागणार होतं.

बाहेर येऊन मी भिंगरीपुढे गुडघ्यावर बसले. "ऐक. आईने वहीत खोटं लिहिलं. तू चाळीस मिनिटं बसलीस असं. म्हणून त्यांना वाटलं तू मुद्दाम करतेस. चूक माझी होती. तुझी नव्हती."

तिने विचार केला. विचार करताना ती एका पायावर उभी राहते. "मग मी मुद्दाम नव्हते करत?"

"नाही गं राणी."

"मला वाटलंच होतं. पण सगळे म्हणाले, तर मला वाटलं मलाच माहीत नाही." मग पाय बदलून, "तू का खोटं लिहिलंस?"

"मला तू माझ्याजवळ जास्त वेळ हवी होतीस."

"मी तर रोज तुझ्याचजवळ असते!" ती वैतागून म्हणाली. "नुसती हलत असते."

आणि ती मैदानाकडे पळाली. मी तिथेच बसून राहिले. इतकी वर्षं मी घड्याळ बघत होते आणि तिने एका वाक्यात सगळा हिशेब उधळून लावला होता.

*

तो पायऱ्यांवर थांबला होता. पावसाने पायऱ्या ओल्या होत्या. त्याने खिशातला रुमाल पसरला, मग तो सरसाने माखलेला आहे हे बघून ओशाळून परत खिशात कोंबला. मी ओल्याच पायरीवर बसले. तोही. मधे एका माणसाची जागा.

"चिडलात?" मी विचारलं.

"चिडलो. तिच्या मनगटाकडे बघून फार चिडलो." थोडं थांबून, "मग स्वतःवरही चिडलो. मला हाताखालून गेलेलं लाकूड कळतं. हिला घरी चाळीस मिनिटं बसवत असतील, हे मला पटलं नव्हतं."

"मग विचारलं का नाही?"

"कारण... मला वाईट वाटलं होतं." त्याने नखावरचा सरस खरवडला. "तुमचे चाळीस वाचले आणि वाटलं, संपलं. आता माझं काय काम? तुम्ही तिला घ्यायला यायचात, त्या पाच मिनिटांसाठी मी दुपारपासून झाडलोट करायचो. ते तरी कशाला ओढायचं? म्हणून मीच आधी नको म्हटलं. तुम्ही म्हणण्याआधी."

"म्हणजे तुम्ही माझ्यावर जळलात?"

"चांगलाच. पाच मिनिटांनी हरलो ना!"

मला हसू आलं, आणि हसताना डोळेही भरून आले. मग जे विचारायचं नव्हतं तेच तोंडातून गेलं. "आणि बाई?"

"बाईंचं काय?"

"वेणीत साल अडकली होती त्यांच्या."

त्याच्या चेहऱ्यावर एकेक गोष्ट उजाडत गेली – गुरुवार, छत्री, 'उशीरच झाला बहुतेक'. "अहो... बाई त्या दिवशी मला झापायला आल्या होत्या! म्हणाल्या, भिंगरीच्या आईबद्दल तुम्ही रोज मलाच विचारता, एकदा त्यांनाच विचारा की. मी आता कंटाळले. त्यावर हसत होतो आम्ही."

"पण तुम्ही तर सारखं, बाई म्हणत होत्या, बाई म्हणत होत्या..."

"मग काय बोलणार होतो? तुमचा हात माझ्या कानामागे होता! जे आठवलं ते बोललो."

माझे कान तापले. मैदानात भिंगरी एकटीच लंगडी घालत होती, स्वतःलाच बाद करत होती, स्वतःशीच भांडत होती.

"आता विचारू?" तो म्हणाला.

"विचारा. पण आधी माझं ऐका. मी चांगली नाहीये. मला वाटून घेता येत नाही. ती तुम्हाला 'काका' म्हणून हाक मारते तेव्हा अजूनही इथे दुखतं. उद्याही दुखेल. तुम्ही घरात आलात तर मी तिच्यावरून तुमच्याशी भांडेन आणि तुमच्यावरून तिच्याशी."

"रोज?"

"एक दिवसाआड."

"मग मधल्या दिवशी तू मला आवडत जा," तो म्हणाला. आणि मग एकदम घाबरून, "तू म्हटलं... चालेल ना?"

मी मान हलवली. "तूही मला आवडतोस," मी म्हटलं, "आणि याची नोंद कुठेही करायची नाही."

तेवढ्यात भिंगरी आली. धावत, घसरत, चिखल उडवत. आमच्या मधल्या एका माणसाच्या जागेत धपकन बसली, पाऊण सेकंद बसली, आणि उठली. "चला ना! किती वेळ बसता तुम्ही लोक!"

तिने हात पुढे केला. माझ्याकडे नाही – आधी त्याच्याकडे. त्याचा उजवा हात धरून ती ओढायला लागली.

दुखलं. तिथेच, नेहमीच्या जागी.

मी उठले, पदर झटकला, आणि त्याचा डावा हात धरला.